रोजची प्यादेमात

माझ्या सासऱ्यांना पेन्शन बसली आणि त्यांच्याकडे वेळ फार झाला. इतका झाला की तो त्यांच्या एकट्याच्याने संपेना. मग तो संपवायच्या कामाला आम्ही सगळे लागलो.

मामंजी, म्हणजे दत्तोपंत, नगरच्या कचेरीत अव्वल कारकून होते. पेन्शनीनंतर जामखेडला स्वतःच्या घरी येऊन राहिले. किताब त्यांना कुणी दिला नव्हता, पण गाव रावसाहेब म्हणे आणि ते ओ देत. सासूबाई माझ्या लग्नाआधीच गेलेल्या. माझे यजमान लढाईमुळे पुण्याला मिलिटरीच्या हिशेबखात्यात. तिथे बिऱ्हाडाला जागा मिळेना, म्हणून मी जामखेडला. घरात मामंजी आणि मी, दोघंच. रावसाहेबांना सून चांगली मिळाली, असं लोक म्हणत. नीलांबरीला, म्हणजे मला, काय मिळालं, ते कुणी विचारलं नाही.

घर बाजाराच्या रस्त्यावर, पुढे लांब ओटा. ओट्याच्या टोकाला गनीभाई शिंपी मशीन टाकून बसत. जागेचं भाडं नव्हतं. "माणूस गरीब आहे, गुणी आहे, बसू दे," असं मामंजी चारचौघांत सांगत आणि ऐकणारे माना डोलावत. गनीभाईंचं घर म्हणजे वेशीजवळच्या बोळातली एक खोली. तिला खिडकी नाही. भर दुपारी तिथे सुईत दोरा ओवता येत नसे. त्यात रॉकेल मिळत नव्हतं आणि कापड रेशनवर. नवं कापड नाही म्हणून सगळं गाव जुने कोट उसवून, आतली बाजू बाहेर काढून पुन्हा शिवून घ्यायचं. ते काम नव्या शिलाईपेक्षा किचकट, त्याला लख्ख उजेड लागतो. ओटा गेला तर गनीभाईंचा धंदा गेला. हे त्यांना ठाऊक होतं, मला ठाऊक होतं. मामंजींना ठाऊक नव्हतं, असं मी अजूनही म्हणणार नाही.

दुपारची झोप झाली, चूळ भरून झाली, की मामंजी ओट्यावर सतरंजी घालून घेत आणि बुद्धिबळाचा पट मांडत. मग हाक जायची. "गनी, येतोस का रे?"

तो काही प्रश्न नव्हता. गनीभाई हातातली शिवण टोकापर्यंत नेत, दोरा तोडत, गळ्यातली टेप काढून मशीनच्या चाकावर टाकत आणि सतरंजीच्या कडेला येऊन बसत. मग दिवेलागणीपर्यंत मशीनचा आवाज बंद. गिऱ्हाईक आलं तर उभं राहायचं. एकदा एक म्हातारा उभा राहून राहून कंटाळला आणि म्हणाला, "गनीभाई, ह्यो कोट माझ्या अंगावर यायचा का तिरडीवर?" मामंजी खो खो हसले. कोट म्हाताऱ्याचा, दिवस गनीभाईंचा, आणि हसायला आमचे मामंजी!

त्यांना साधी मात चालत नसे. आपल्याकडच्या जुन्या खेळात प्याद्याने राजाला मारलं तर ती प्यादेमात, सगळ्यांत मानाची. वजिराने काय, कुणीही मारील. मामंजींना रोज प्यादेमात लागायची आणि रोज ती व्हायची. संध्याकाळी देवळाच्या पारावर जाऊन ते सांगत, "आज पुन्हा गनीवर प्यादं चढवलं." पारावरचे सगळे पेन्शनर वाहवा करत. त्यांनाही वेळच घालवायचा होता.

माहेरी संगमनेरला माझे वडील आम्हा भावंडांना खेळायला घेऊन बसत, त्यामुळे मला खेळ कळायचा. दाराशी तांदूळ निवडत बसलं की पट दिसे. पहिले काही दिवस मला वाटलं, मामंजी बरे खेळतात. मग लक्षात आलं की त्यांना स्वतःचा घोडासुद्धा धड सांभाळता येत नाही. गनीभाई तो घोडा दिसूनही दुसरीकडेच बघत, कपाळ चोळत, "लई अवघड केलं रावसाहेब" म्हणत, आणि आपला राजा एकेक घर चालवत नेऊन मामंजींच्या प्याद्याच्या तोंडी उभा करत. समोरच्याला खेळ येत नसताना त्याच्या हातून प्यादेमात करवून घ्यायची, आणि वर त्याला ती आपलीच करामत वाटली पाहिजे. सोपं वाटतं ना? पट मांडून करून बघा. मी बघितलंय.

चहा माझ्याकडे. मामंजींचा कपबशीतून. गनीभाईंचा कान तुटलेल्या कपातून. तो कप ओट्यावरच्या कोनाड्यात असे. गनीभाई तो पुढे धरत, मी वरून चहा ओतत असे, आणि पिऊन झाला की तेच विसळून कोनाड्यात उपडा घालत.

खरा खेळ चालायचा तो घराच्या मागच्या दारी. पुढे पट मांडला की मागे मुबारकबी यायची, गनीभाईंची बायको. काजं, बटणं, हातशिलाई हे काम ती घरी नेऊन चुलीच्या उजेडात करायची. नवऱ्याचा दिवस रावसाहेबांनी घ्यायचा आणि त्याची भरपाई तिच्या डोळ्यांनी करायची. कपडे न्यायला आली की ती पायरीवर टेकायची. मी उंबऱ्याच्या आत, ती बाहेर, मध्ये सागरगोटे. गोटे तिचे, हाताळून हाताळून गुळगुळीत झालेले.

मुबारकबी पक्की लबाड होती. खाली पडलेला गोटा झटकन पदरात ओढायची आणि वर तोंड करून म्हणायची, "पडलाच न्हाई!" मी तिच्या हातावर चापट मारायचे. त्या वेळी शिवाशीव कुणाच्या लक्षात राहायची? मी जिंकले तर ती चिडायची. खोटं नाही, खरं चिडायची, दुसऱ्या दिवशी धड बोलायची नाही. मला ते फार आवडायचं. माझ्यावर कुणी इतकं चिडावं एवढी किंमत त्या घरात मला नव्हती. बाई रिकामी बसलेली दिसली की ज्याला त्याला कामं आठवतात. पुरुष रिकामा बसला तर त्याला विसावा म्हणतात आणि चहा आणून देतात. माझी एवढीच एक वेळ माझी होती, आणि तीसुद्धा मामंजींच्या खेळाच्या आडोशाने मिळालेली.

त्या वर्षी ऐन उन्हाळ्यात धोंड्याचा महिना आला. जावयाला बोलावून अनारशांचं वाण द्यायचं. माझ्या नणंदबाई, शोभावन्सं, आणि त्यांचे यजमान शामकांत नगरहून आले. शामकांत वकील. नगरच्या क्लबात आपण बुद्धिबळ खेळतो, हे त्यांनी पाय धुता धुताच सांगून टाकलं. वाण झालं, पुरणाचं जेवण झालं, आणि ओट्यावर लोड टाकल्यावर ते म्हणाले, "मामासाहेब, होऊन जाऊ दे एक डाव."

मामंजी अडचणीत आले. धोंड्याच्या महिन्यात जावई म्हणजे नारायण, त्याला हरवणं बरं दिसत नाही. आणि त्याच्याकडून हरणं तर त्याहून नाही. मग त्यांना एक युक्ती सुचली आणि त्यांनी खुशीने मांडीवर थाप मारली.

"आधी आमच्या गनीशी खेळा. त्याला हरवलंत तर मग माझ्याशी."

हिशेब साधा होता. गनीला आपण रोज हरवतो. गनीने जावयाला हरवलं, की आपण न खेळताच जावयाला हरवल्यासारखं झालं, आणि कुणाचा मान जायला नको. कचेरीत आयुष्य काढलेल्या माणसालाच असलं सुचतं.

"शिंप्याशी?" शामकांत हसले, पण मांडी घालून बसले.

गनीभाई टेप चाकावर टाकून आले. सतरंजीच्या कडेला टेकले. सोंगटीला हात लावण्याआधी त्यांनी मामंजींकडे बघून हळूच विचारलं, "रावसाहेब, जिंकू का?"

सगळे हसले. मामंजींच्या तर डोळ्यांत पाणी आलं. "अरे, जिंकता येत असेल तर जिंक की! परवानगी कसली मागतोस?"

मी हसले नाही. हातात विड्यांचं तबक घेऊन दाराशी उभी होते. त्या माणसाने आजवर जे झाकून ठेवलं होतं, ते एका प्रश्नात उघडं करून ठेवलं होतं. कुणाला कळलं नाही इतकंच.

गनीभाई मान खाली घालून खेळायला लागले. कपाळ चोळलं नाही, लई अवघड म्हटलं नाही. हात कापड बेततानासारखा चालत होता, थांबला तर मोजून मापून थांबायचा. शामकांतांचा घोडा गेला, मग हत्ती गेला. "शाबास रे पठ्ठ्या!" मामंजी ओरडत होते. पुढे त्यांचा आवाज कमी झाला. मग ते वाकून पट बघायला लागले. शेवटी गनीभाईंना वजिराने मात करता येत होती. मला दाराशी उभी राहून ती दिसत होती. त्यांनी वजिराला हात लावला नाही. डाव आणखी लांबवला, शामकांतांचा राजा कोपऱ्यात कोंडला, एक प्यादं एक घर पुढे सरकवलं आणि म्हणाले, "प्यादेमात, जावईबापू."

ते त्यांनी करायला नको होतं. साधी मात केली असती तर भागलंही असतं. पण रोज मान खाली घालणाऱ्या माणसाला एखादे दिवशी मोह होतो, आणि झाला म्हणून मी त्यांना दोष देणार नाही.

शामकांतांचे कान लाल झाले होते. हरलेला वकील दुसऱ्या कुणाला तरी पिंजऱ्यात उभं केल्याशिवाय राहत नाही. "मामासाहेब," ते म्हणाले, "ह्याला तुम्ही रोज हरवता? तेही प्यादेमात करून?" आणि ते मोठ्याने हसले. या वेळी त्यांच्याबरोबर कुणी हसलं नाही.

"सूनबाई, विडे आण," मामंजी म्हणाले. विडे त्यांच्यासमोर माझ्या हातातच होते.

लेक-जावई परत गेले त्याच दुपारी मामंजींनी पट मांडला. "गनी, आज खरं खेळायचं. माझ्या गळ्याची शपथ आहे तुला."

गनीभाई उभेच राहिले. "चालतंय तसं चालू द्या की रावसाहेब. लोकांचे कोट पडल्यात."

"बस म्हणतो ना."

ते बसले. जरा वेळाने म्हणाले, "खरं खेळलो तर जागा ऱ्हाईल न्हवं?"

मामंजींचा चेहरा उतरला. "जागेचा इथे काय संबंध? जागा मी तुला खेळण्यासाठी दिली होती? अरे, मी तुला मित्र समजत होतो!"

गनीभाई आपल्या बाजूच्या सोंगट्या लावायला लागले. मी मात्र कोनाड्यातल्या त्या कान तुटलेल्या कपाकडे बघितलं. मला वाटतं, त्यांनीही बघितलं.

मग ते खरं खेळले. चहा निवायच्या आत मामंजी हरले. त्यांनी पुन्हा पट मांडला, पुन्हा हरले. तिसऱ्यांदा सोंगट्या लावायला घेतल्या आणि मध्येच थांबले. "म्हणजे इतकी वर्षं तू माझी चेष्टा केलीस."

"चेष्टा न्हाई रावसाहेब." गनीभाई पटाकडे बघत बोलत होते. "पहिल्यानं लई जीवावर यायचं. हितं बसलो तरी डोळ्यापुढं शिवनच दिसायची. जिंकनं सोपं हुतं, पन जिंकून कसं चालंल? मग म्हनलं, हरायचंच हाय तर आपला राजा तुमच्या प्याद्याखाली न्यायचा आन् तुमाला कळू द्यायचं न्हाई. त्याला डोकं लागायचं. मग त्यातच मजा यायला लागली. न्हाईतर रोज बसलो असतो का मी?"

घाबरून हरलो, असं ते म्हणाले असते तर मामंजींनी मोठ्या मनाने माफ केलं असतं. पोटासाठी हरलो म्हणाले असते तरी चाललं असतं. पण मजा? खेळ आपला, विसावा आपला, आणि मजा शिंप्याने घ्यायची? मामंजींना वाटत होतं आपण खेळतोय. खेळत होते गनीभाई, आणि मामंजी त्यांच्या पटावरची सोंगटी होते.

मामंजी दुष्ट नव्हते. दुष्ट असते तर मला त्यांचा राग करणं सोपं गेलं असतं. त्यांनी शिवी दिली नाही, मशीन रस्त्यावर फेकलं नाही. त्यांनी पुंजाराम सुताराला बोलावलं. "वय झालं, वाऱ्याला बसायला एक झोपाळा लावून घेऊ."

पुंजारामने ओटा पाहिला आणि मधली तुळई दाखवली. "हितं टांगू रावसाहेब. गनीभाईला बी अडचन व्हनार न्हाई."

"तिथे ऊन येतं," मामंजी म्हणाले, आणि काठीने गनीभाईंचा कोपरा दाखवला. मधल्या तुळईखाली ऊन कधी येतच नसे, म्हणून तर मला पापड परसात नेऊन घालावे लागत. गनीभाईंनी ऐकलं, मशीन थांबवलं नाही. शिवण टोकापर्यंत नेली, दोरा तोडला, आणि मग उठून हातगाडी बघायला गेले. कोनाड्यातला कप विसळून, उपडा घालून ठेवला. तो नेला नाही.

मी बोलले का? बोलले. जेवताना म्हणाले, "मामंजी, झोपाळा माजघरातही चालेल." ते म्हणाले, "भाजीत मीठ कमी आहे."

खोलीत बसून शिवणं जमेना. महिना सरतो न सरतो तोच गनीभाई नगरला एका कंत्राटदाराकडे सैन्याचे गणवेश शिवायला जायला निघाले. दिवसभर एकच एक सरळ शिवण. जायच्या आधी मुबारकबी मागच्या दारी आली आणि सागरगोटे माझ्या उंबऱ्यावर ठेवले. "ऱ्हाऊ द्या तुमालाच. तितं खेळायला कोन हाय आन् येळ तरी कुठला?"

"एक डाव खेळून जा," मी म्हटलं.

ती बसली. गोटे उडवले, झेलले. मग एक गोटा तिच्या हातातून पायरीवर पडला. मी हात उगारून तयारच होते. तिने पदर पुढे केला नाही. गोटा उचलून माझ्यापुढे ठेवला आणि म्हणाली, "पडला. तुमीच जिंकला, बाईसाहेब."

इतके दिवस ती मला नीलाताई म्हणायची. तिने लबाडी करावी, भांडावं, माझ्या नावाने बोटं मोडावीत, मी सगळं सोसलं असतं. मी हाक मारली तोवर ती बोळाच्या तोंडाशी पोचली होती.

झोपाळा लागला. मामंजींनी दोन-चार दिवस झोके घेतले. कड्या कुरकुरायच्या, त्यांना तेल घातलं. पण झोपाळ्यावर एकट्याने बसून माणूस किती बसेल? पारावर जाणं त्यांनी सोडलंच होतं. तिथे गनीचं नाव निघायची भीती. एका दुपारी मी मागच्या पायरीवर एकटीच गोटे उडवत बसले होते, तेवढ्यात पुढून हाक आली.

"सूनबाई, येतेस का गं?"

ओट्यावर सतरंजी, सतरंजीवर पट. "तुझे वडील खेळायचे ना? तुलाही येत असेल."

"येतं थोडंसं."

"मग बस. आणि खरं खेळायचं हं. लाड नकोत मला."

मी सतरंजीच्या कडेला बसले. खरं खेळले. थोड्याच वेळात मला मात दिसली. वजीर एक घर सरकवला की संपलं. माझा हात वजिराकडे गेलासुद्धा. मग माझी नजर झोपाळ्याखाली गेली. मशीनच्या पायांनी फरशीवर पाडलेले डाग अजून तिथेच होते. माहेरी वडील थकलेले, यजमान पुण्याला दुसऱ्याच्या खोलीत. मला दुसरा ओटा नव्हता. जिंकू का, असं विचारावंसं वाटलं, पण ते विचारून काय होतं हे मी पाहिलं होतं.

मी हात मागे घेतला. कपाळ चोळलं. "फार अवघड केलंत मामंजी," म्हटलं, आणि राजाला एकेक घर त्यांच्या प्याद्याकडे चालवायला लागले. मला त्यात मजा आली नाही. गनीभाईंना कशी यायची, कोण जाणे.

अंधारून येता येता मामंजींनी प्यादं पुढे सरकवलं. बोट त्यावरच ठेवून ते पटाकडे बघत राहिले. माझ्या वजिराकडे बघितलं, ज्या घरात तो सरकवून मी मात केली असती त्या घराकडे बघितलं, मग माझ्याकडे. त्यांना कळलं. गनीभाईंनी जाता जाता त्यांना तेवढं शिकवलं होतं. मी मान खाली घातली. आता पट उधळतील असं वाटलं. उधळावा, असंही वाटलं.

त्यांनी सोंगट्या एकेक करून पेटीत भरल्या, झाकण लावलं.

"प्यादेमात," ते म्हणाले. "उद्या जरा लवकर आवरून ये."